निकालाआधीचा कॅमेरा

१२ जानेवारी १९२५ च्या संध्याकाळी मुंबईत मलबार हिलवर एक मोटार अडवून अब्दुल कादर बावला या धनाढ्य व्यापाऱ्याला गोळ्या घालण्यात आल्या आणि त्याच्याबरोबर असलेल्या मुमताज बेगमच्या चेहऱ्यावर शस्त्राचे वार झाले. मुमताज ही इंदूरच्या दरबारातून निघून गेलेली नर्तकी होती, तिला परत नेण्यासाठी आलेले हल्लेखोर इंदूरशी संबंधित होते, आणि गोल्फ खेळून परतणारे काही इंग्रज लष्करी अधिकारी योगायोगाने त्याच रस्त्याने आले म्हणून ती वाचली. मुंबई उच्च न्यायालयात खटला उभा राहिला, होळकर संस्थानच्या सेवेतील माणसे आरोपींच्या पिंजऱ्यात दिसली, तिघांना फाशीची शिक्षा सुनावली गेली, आणि चौकशी आयोगाला सामोरे जाण्यापेक्षा महाराज तुकोजीराव होळकर (तिसरे) यांनी फेब्रुवारी १९२६ मध्ये गादीचा त्याग केला. त्यांचा या खुनाशी संबंध होता असे कोणत्याही न्यायालयात सिद्ध झाले नाही, कारण तो प्रश्न न्यायालयापर्यंत गेलाच नाही. इंदूरच्या जुन्या मराठी घरांतून ‘बावला प्रकरण’ हे शब्द आवाज खाली आणून उच्चारले जात असत, आणि लहानपणी आम्ही ते अर्थ न कळताच ऐकले. पुष्कळ नंतर मला कळले की खुनाच्या त्याच वर्षी, १९२५ मध्ये, होमी मास्टर यांनी या प्रकरणावर बेतलेला ‘कुलीन कांता’ नावाचा मूकपट काढला होता. महाराजांचे काय होणार हे ठरायचे होते, मुमताजच्या चेहऱ्यावरच्या जखमांना वर्षही झाले नव्हते, आणि तिच्यावर गुदरलेला प्रसंग तिकीट लावून पडद्यावर दाखवला जात होता.

हे प्रकरण मला पुन्हा आठवले ते माझ्या भाचीमुळे. तिने इंदूरच्या देवी अहिल्या विश्वविद्यालयातून पत्रकारितेचे शिक्षण घेतले, अवंतिका एक्स्प्रेसने मुंबई गाठली, आणि गेली तीन वर्षे ती माहितीपट बनवणाऱ्यांकडे संशोधन सहायक म्हणून काम करते आहे. दिवाळीला घरी आली तेव्हा तिने सांगितले की पुढे दिग्दर्शिका म्हणून तिला ट्रू क्राइमचेच माहितीपट करायचे आहेत, आणि लगेच विचारले, “मामा, तुझ्या इतक्या वर्षांच्या वकिलीत अशी एखादी केस असेलच ना?” मी इंदूरच्या जिल्हा न्यायालयात ३१ वर्षे फौजदारी वकिली केली आहे, त्यामुळे केस नाही असे म्हणणे खोटे ठरले असते. तिला मी त्या रात्री उत्तर दिले नाही. तिची चिकाटी मला ठाऊक आहे, तिचा हेतूही चांगला आहे, आणि म्हणूनच उत्तर विचारपूर्वक द्यावे असे वाटले.

खऱ्या गुन्ह्यांवरचे माहितीपट करणे हे समाजाच्या गरजेचे काम आहे असे मी मानतो. पण आपल्याकडे ते उलट्या क्रमाने होते. ज्या काळात दिग्दर्शकाने गप्प राहायला हवे त्या काळात, म्हणजे खटला चालू असताना, त्याला ठाणे, गल्ली, आरोपीचे नातेवाईक आणि मृताचे घर असे सगळे दरवाजे उघडे सापडतात. आणि ज्या काळात त्याने बोलायला हवे त्या काळात, म्हणजे निकाल लागल्यानंतर, न्यायालयाचे दप्तर त्याच्यासाठी जवळजवळ बंद असते. हा क्रम सुलटा करण्याची जबाबदारी काही अंशी न्यायसंस्थेची आहे, काही अंशी पैसा पुरवणाऱ्या कंपन्यांची आहे, आणि बरीचशी या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्या तरुण मंडळींची आहे.

या कलाप्रकाराने काय साधता येते हे पाहायचे तर एरल मॉरिस यांच्या ‘द थिन ब्लू लाइन’ या १९८८ च्या माहितीपटापासून सुरुवात करावी लागते. टेक्सास राज्यातील डॅलस येथे १९७६ मध्ये एका पोलीस अधिकाऱ्याचा खून झाला, रँडल डेल ॲडम्स नावाच्या माणसाला फाशीची शिक्षा झाली, आणि ठरलेल्या दिवसाच्या तीन दिवस आधी ती थांबवली गेली. नंतर तिचे जन्मठेपेत रूपांतर झाले. मॉरिस टेक्सासला गेले होते ते वेगळ्याच विषयासाठी, आरोपी पुन्हा खून करीलच असे न्यायालयांत शपथेवर सांगत फिरणाऱ्या एका मानसोपचारतज्ज्ञावर माहितीपट करण्यासाठी. तुरुंगात त्यांची ॲडम्सशी भेट झाली, त्याच्या खटल्याचे कागद त्यांनी वाचले, साक्षी एकमेकींशी जुळत नाहीत हे त्यांच्या लक्षात आले, आणि विषय बदलला. मॉरिस यांनी त्याआधी खासगी गुप्तहेर म्हणून काम केले होते, तो अनुभव येथे कामी आला. माहितीपट प्रदर्शित झाल्यावर प्रकरण पुन्हा न्यायालयात गेले आणि १९८९ मध्ये ॲडम्स सुटला.

या माहितीपटातील खुनाच्या प्रसंगाचे नाट्यरूपांतर मी वकिलाच्या नजरेने अनेकदा पाहिले आहे. त्यात तो प्रसंग पुनःपुन्हा दिसतो, आणि प्रत्येक वेळी तो ज्या साक्षीदाराच्या तोंडून येतो त्याच्या सांगण्याप्रमाणे दिसतो. एका साक्षीदाराच्या कथनात जे दिसते ते दुसऱ्याच्या कथनात दिसत नाही, आणि प्रेक्षक हळूहळू त्या जागी येतो जेथे चांगला न्यायाधीश बसलेला असतो. खरे काय घडले हे मॉरिस नाट्यरूपांतरातून दाखवतच नाहीत, कोण काय म्हणाले एवढेच दाखवतात. आपल्याकडच्या बहुतेक मालिकांत नाट्यरूपांतर येते ते नेमके उलट कामासाठी. पोलिसांची जी बाजू असेल ती अंधूक प्रकाशात, संथ गतीत, पार्श्वसंगीतासह घडताना दाखवली जाते, आणि एकदा डोळ्यांनी पाहिलेली गोष्ट प्रेक्षकाला पुराव्याइतकी पक्की वाटू लागते.

यात दिग्दर्शकांचा सगळाच दोष आहे असे मी म्हणणार नाही. अमेरिकेतील गाजलेल्या माहितीपटांच्या पाठीशी कच्चा माल असतो. अर्कान्सास राज्यातील वेस्ट मेम्फिस येथे १९९३ मध्ये तीन आठ वर्षांच्या मुलांचे खून झाले, त्यासाठी तीन किशोरवयीन मुलांना १९९४ मध्ये शिक्षा झाली, आणि त्या खटल्यावर जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनॉफ्स्की यांनी १९९६ मध्ये ‘पॅराडाइज लॉस्ट’ हा माहितीपट केला तेव्हा त्यांचे कॅमेरे प्रत्यक्ष न्यायालयात होते. ‘मेकिंग अ मर्डरर’ ही २०१५ ची मालिका करणाऱ्या लॉरा रिकियार्डी आणि मोइरा डिमॉस यांच्याकडे एका १६ वर्षांच्या मुलाच्या पोलीस चौकशीचे चित्रीकरण होते, आणि त्यांनी या कामाला १० वर्षे दिली. आपल्या सत्र न्यायालयात कॅमेरा जात नाही. साक्ष होते ती टंकलेखकाच्या हातून न्यायाधीशांच्या भाषेत उतरते, साक्षीदाराचे अडखळणे आणि त्याची शांतता कागदावर येत नाही. मग दिग्दर्शकाकडे उरते काय? ड्रोनमधून दिसणारे शहर, वृत्तवाहिनीचा जुना वार्ताहर, निवृत्त पोलीस अधिकारी, आणि नाट्यरूपांतर.

निवृत्त पोलीस अधिकाऱ्याच्या मुलाखतीबद्दल थोडे थांबून सांगायला हवे. मध्य प्रदेशात ठाण्याच्या प्रमुखाला आम्ही टीआय म्हणतो, आणि इंदूरच्या कोणत्याही टीआयने पत्रकार परिषदेत उच्चारलेले सर्वांत ओळखीचे वाक्य म्हणजे ‘आरोपीने गुन्हा कबूल केला आहे’. १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम २५ प्रमाणे पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून वापरता येत नसे, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम २३ मध्येही हीच तरतूद कायम आहे. दीडशे वर्षे हा नियम टिकला कारण कोठडीत काय होऊ शकते हे कायदा करणाऱ्यांना ठाऊक होते. जो कबुलीजबाब न्यायाधीश वाचतही नाहीत तोच माहितीपटात कथेचा कणा होतो, आणि त्यावर ‘पोलीस सूत्रांनुसार’ असे लिहिले की जबाबदारी संपते असे समजले जाते. माझ्या भाचीच्या पिढीने या एका गोष्टीपुरता जरी आग्रह धरला, की न्यायालयात न चालणारी कबुली पडद्यावर सत्य म्हणून दाखवायची नाही, तरी या क्षेत्राचा चेहरा बदलेल.

आता मी ज्या अनुभवामुळे तिला त्या रात्री उत्तर देऊ शकलो नाही तो सांगतो. काही वर्षांपूर्वी एका खून खटल्यात मृत तरुणाच्या आईच्या वतीने मी सरकारी वकिलांना साहाय्य करीत होतो. बाई मराठी, शिक्षण बेताचे, घरात त्यांचा हा एकुलता एक मुलगा होता. चालान, म्हणजे आरोपपत्र, पेश झाले होते, आरोप निश्चित झाले होते आणि साक्षी सुरू व्हायच्या होत्या, तेव्हा मुंबईहून एक चमू त्यांच्या घरी आला. मुले सभ्य होती, त्यांच्याशी प्रेमाने बोलली, आणि दोन दिवस त्यांनी चित्रीकरण केले. मुलाचे कपाट उघडून त्याचा शर्ट घडी घालताना दाखवायचा होता. प्रकाश नीट नव्हता म्हणून दुसऱ्यांदा, आणि बाहेरून गाडीचा आवाज आला म्हणून तिसऱ्यांदा त्या बाईंनी तो शर्ट उलगडला आणि घडी घातला. त्यांनी सही केलेले संमतिपत्र इंग्रजीत होते, ११ पानांचे होते, आणि त्यातील एकही अक्षर त्यांना वाचता येत नव्हते. मला हे कळले ते सगळे झाल्यावर, आणि त्या मला सांगत होत्या ते तक्रार म्हणून नव्हे. घरी कोणी तरी येऊन त्यांच्या मुलाबद्दल विचारले, दोन दिवस ऐकून घेतले, याचे त्यांना समाधान होते.

तो भाग प्रदर्शित झाला तेव्हा बाई त्यात मिनिटभरही नव्हत्या. त्या मिनिटात मात्र त्या म्हणाल्या होत्या की मुलगा रात्री नऊच्या सुमारास घरातून गेला. पोलिसांपुढच्या जबाबात आणि न्यायालयातील साक्षीत वेळ साडेदहाची होती. आधी केलेल्या विसंगत विधानावरून साक्षीदाराची उलटतपासणी घेण्याचा हक्क बचाव पक्षाला कायद्याने असतो, आणि बचावाच्या वकिलांनी तो बजावला; त्यांच्या जागी मी असतो तर मीही बजावला असता. न्यायालयाच्या पिंजऱ्यात उभ्या असलेल्या त्या आईला विचारण्यात आले की तुम्ही कॅमेऱ्यापुढे खोटे बोललात की न्यायाधीशांपुढे खोटे बोलता आहात. त्या एका विसंगतीमुळे खटल्याचा निकाल फिरला असे मी म्हणणार नाही, कारण पुराव्यात दुसऱ्याही उणिवा होत्या. पण त्या प्रश्नानंतर बाईंनी माझ्याकडे ज्या नजरेने पाहिले ती नजर माझ्या मनातून गेलेली नाही. शोकात असलेले माणूस घड्याळ पाहून बोलत नसते. ते काय बोलले हे जपून ठेवावे, आणि त्यांची साक्ष होईपर्यंत कोणालाही दाखवू नये, एवढे शहाणपण त्या चमूतील कोणालाही कोणी शिकवलेले नव्हते.

न्यायालयाने अशा माहितीपटांवर बंदी घालावी असे मात्र मला वाटत नाही. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने याबाबतीत घेतलेली भूमिका मोलाची आहे. तमिळनाडूतील ऑटो शंकर या फाशीच्या कैद्याचे आत्मकथन छापण्यावरून उद्भवलेल्या १९९४ च्या राजगोपाल खटल्यात न्यायालयाने सांगितले की सार्वजनिक अभिलेखात, ज्यात न्यायालयीन अभिलेखही आला, जे आहे ते कोणाच्याही परवानगीवाचून प्रसिद्ध करता येते, आणि प्रसिद्धीपूर्वीच रोखण्याचा अधिकार सरकारी अधिकाऱ्यांना नाही; मात्र लैंगिक अत्याचार, अपहरण यांसारख्या गुन्ह्यांतील पीडितेचे नाव उघड करून तिची विटंबना होता कामा नये, आणि अभिलेखापलीकडच्या खासगी आयुष्यात शिरायचे तर संमती हवी. पुढे २०१२ च्या सहारा प्रकरणात, खटल्याच्या निःपक्षपातीपणाला खरा धोका असेल तर प्रसिद्धी काही काळ पुढे ढकलण्याचा आदेश देता येतो, असेही ठरले. शीना बोरा खून प्रकरणावरील मालिकेबाबत २०२४ च्या फेब्रुवारीत सीबीआय मुंबई उच्च न्यायालयात गेली तेव्हा न्यायमूर्तींनी आधी ती मालिका स्वतः पाहिली आणि मग ती थांबवण्यास नकार दिला. तो नकार मला योग्य वाटतो. २०१५ मध्ये दिल्लीतील १६ डिसेंबर २०१२ च्या अत्याचारावरील ‘इंडियाज डॉटर’ या माहितीपटावर बंदी आली, तीही मला तेव्हा पटली नव्हती. पण बंदी नको म्हणजे सगळे योग्य आहे असे होत नाही. त्या माहितीपटात तिहार तुरुंगातील एका दोषीची मुलाखत होती, त्याच्या अपिलाचा निकाल सर्वोच्च न्यायालयात लागायचा होता, आणि मृत मुलीवर दोष ढकलणारी त्याची वाक्ये देशभर चर्चेचा विषय झाली. कायद्याने जे करता येते त्यातले काय करायचे नाही, हे प्रत्येक व्यवसाय स्वतः ठरवतो. वकिलांनी ठरवले, डॉक्टरांनी ठरवले. माहितीपटकारांनी अजून ठरवलेले नाही.

माझा आग्रह आहे तो नियम साधा आहे. सत्र न्यायालयाचा निकाल लागेपर्यंत आरोपीकडे बोट दाखवणारा माहितीपट प्रदर्शित करू नये. चित्रीकरण जरूर करावे, आजच करावे, कारण साक्षीदार म्हातारे होतात, घरे पाडली जातात आणि आठवणी फिक्या पडतात. पण ते कुलूपबंद ठेवावे. २०२५ च्या उन्हाळ्यात इंदूरच्या एका नवविवाहित तरुणाचा मेघालयात खून झाला तेव्हा आपल्या शहराने काय पाहिले हे येथील प्रत्येकाला आठवते. दोन्ही घरांपुढे कॅमेरे रात्रंदिवस उभे होते, आणि खटला सुरू होण्याआधीच त्यावर चित्रपट काढण्याची घोषणाही झाली. कोण दोषी आहे याबद्दल मी येथे एक अक्षरही लिहिणार नाही, कारण ते ठरवण्याचे काम मेघालयातील न्यायालयाचे आहे. ज्यांनी मुलगा गमावला त्या आईवडिलांना त्या दिवसांत दार लावून बसण्याची सोयसुद्धा राहिली नव्हती, एवढे मात्र मी या शहराचा रहिवासी म्हणून सांगू शकतो.

या नियमावर दोन आक्षेप येतील, आणि दोन्ही गंभीर आहेत. पहिला आक्षेप ‘द जिंक्स’ या मालिकेचा. अँड्र्यू जारेकी यांच्या या २०१५ च्या मालिकेमुळे रॉबर्ट डर्स्ट हा श्रीमंत माणूस जुन्या खुनासाठी पकडला गेला, अखेरचा भाग दाखवला जाण्याच्या आदल्या दिवशी त्याला अटक झाली, आणि २०२१ मध्ये तो दोषी ठरला. जारेकी थांबले असते तर? पण तेथे खटला चालूच नव्हता. तपास वर्षानुवर्षे निपचित पडला होता, आणि अशा वेळी माहितीपटाने दार ठोठावणे हे त्याचे कामच आहे. याच मालिकेबद्दल २०१९ मध्ये न्यायालयीन कागदपत्रांतून उघड झाले की डर्स्टच्या तोंडी आलेली ती प्रसिद्ध कबुली ही प्रत्यक्षात वेगळ्या क्रमाने उच्चारलेली वाक्ये जोडून तयार केली होती. माणूस दोषी ठरला म्हणून वाक्यांचा क्रम बदलणे योग्य ठरते असे मला वाटत नाही. उद्या हेच तंत्र निर्दोष माणसाच्या वाक्यांवर चालेल.

दुसरा आक्षेप मला अधिक जड वाटतो. आपल्याकडे खटले दहा-दहा वर्षे चालतात, आणि आरोपी गरीब असला तर तो काळ तो कच्चा कैदी म्हणून तुरुंगात काढतो. तो निर्दोष असेल आणि ते दाखवणारे साहित्य दिग्दर्शकाच्या हाती असेल, तर त्याने निकालाची वाट पाहत बसावे का? येथे मी त्याला थांब म्हणू शकत नाही. कायदा आरोपीला निर्दोष मानून सुरुवात करतो, त्यामुळे निकालाआधी त्या गृहीतकाला बळ देणारा माहितीपट आणि ते मोडून काढणारा माहितीपट यांना मी एका तराजूत तोलत नाही. मात्र एकाला सोडवताना दुसऱ्याकडे बोट दाखवण्याचा मोह तेथेही आवरायला हवा. वेस्ट मेम्फिसची ती तीन मुले १८ वर्षांनी, २०११ मध्ये, बाहेर आली, आणि त्यात बर्लिंजर-सिनॉफ्स्की यांच्या माहितीपटांचा वाटा मोठा आहे. पण त्यांपैकी २००० सालच्या दुसऱ्या माहितीपटाने मृत मुलांपैकी एकाच्या सावत्र वडिलांवर संशयाची छाया टाकली. त्या माणसावर या खुनांचा आरोप कधीही ठेवला गेला नाही, पुढे तो स्वतःच शिक्षा झालेल्या मुलांच्या बाजूने उभा राहिला, आणि तोवर ज्याने मूल गमावले त्यालाच जगाने खुनी म्हणून पाहिले होते. इतक्या सद्हेतूने केलेल्या कामातही हे घडले.

कोणता गुन्हा निवडला जातो याबद्दलही बोलायला हवे. विष, पत्नी, प्रियकर, बंद घर, विक्षिप्त खुनी असे विषय पुन्हा पुन्हा येतात, कारण त्यांना एक चेहरा असतो. व्यापम या मध्य प्रदेशातील परीक्षा घोटाळ्याच्या प्रकरणात दुसऱ्याच्या नावाने परीक्षा देणाऱ्यांना जुलै २०१३ मध्ये आमच्याच इंदूरच्या पोलिसांनी पकडले आणि त्यातून धागा निघत गेला. जुलै २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तपास सीबीआयकडे दिला. १९८४ च्या डिसेंबरात भोपाळमध्ये कारखान्यातील वायुगळतीने हजारो माणसे मेली, त्या खटल्यात २०१० मध्ये दोषींना दोन वर्षांची शिक्षा झाली, आणि त्या कारखान्यातील ३३७ टन विषारी कचरा जानेवारी २०२५ मध्ये इंदूरशेजारच्या पीथमपूरला जाळण्यासाठी आणला तेव्हा लोक रस्त्यावर उतरले. हेही गुन्हेच आहेत, आणि त्यांचे कागद ढिगांनी उपलब्ध आहेत. एका चेहऱ्याऐवजी एका वस्तीला कथेचे केंद्र करता येते हे मराठी दिग्दर्शक उमेश विनायक कुलकर्णी यांनी २०२२ मध्ये नागपूरच्या अक्कू यादव प्रकरणावरील मालिकेत केलेल्या कामातून दिसते. १३ ऑगस्ट २००४ रोजी भर न्यायालयात कस्तुरबा नगरच्या स्त्रियांच्या जमावाने ज्याला मारले त्या गुंडापेक्षा त्या स्त्रियांनी त्याआधी सोसलेली वर्षे तेथे महत्त्वाची ठरतात. त्या प्रकरणातील आरोपी २०१४ मध्ये निर्दोष सुटले होते, म्हणजे न्यायालयाचे काम झाल्यावर कॅमेरा तेथे पोहोचला.

आता उरला तो दप्तराचा प्रश्न. निकालापर्यंत थांबा असे तरुण दिग्दर्शकाला सांगायचे, तर निकालानंतर त्याला काय मिळेल हेही सांगता आले पाहिजे. आज निकालपत्र संकेतस्थळावर मिळते, पण निकालपत्र म्हणजे न्यायाधीशांनी काढलेला निष्कर्ष. साक्षी, उलटतपासण्या, पंचनामे, शवविच्छेदनाचा अहवाल, नकाशे हे सगळे नकला काढणाऱ्या शाखेत असते. मार्च २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गुजरात उच्च न्यायालयाच्या प्रकरणात ठरवले की न्यायालयीन कागदपत्रे माहिती अधिकाराखाली मागता येणार नाहीत, उच्च न्यायालयाच्या नियमांप्रमाणे अर्ज करावा लागेल, आणि खटल्यात पक्षकार नसलेल्या व्यक्तीने आपल्याला ती कशासाठी हवीत हे प्रतिज्ञापत्रावर सांगावे लागेल. खासगीपणाची काळजी मला समजते. पीडितेचे नाव, मुलांची ओळख, वैद्यकीय तपशील झाकलेच पाहिजेत. पण अपिलाची मुदत संपल्यावर उरलेला अभिलेख संशोधकाला वाचायला मिळावा, त्याचे शुल्क परवडणारे असावे आणि नकार द्यायचा तर लेखी कारण द्यावे, एवढा बदल उच्च न्यायालयांना आपल्या नियमांत करता येण्याजोगा आहे. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ प्रमाणे झडती आणि जप्तीचे चित्रीकरण आता बंधनकारक आहे. म्हणजे पुढच्या दहा वर्षांत प्रत्येक जिल्हा न्यायालयात पोलिसांनी केलेल्या चित्रफितींचा मोठा साठा होईल, आणि तो कोणाला, केव्हा, कोणत्या अटींवर पाहता येईल हे आजच ठरवले नाही तर तो ठाण्यातून फुटून निकालाआधीच बाजारात येईल.

थांबण्याला पैसा लागतो, आणि तो भाचीकडे नाही. ज्या कंपन्या एका मालिकेसाठी कोट्यवधी खर्च करतात त्यांनी संशोधनाच्या पहिल्या दोन वर्षांचे मानधन वेगळे द्यावे, संमतिपत्र त्या माणसाच्या भाषेत असावे आणि प्रदर्शनापूर्वी ते मागे घेण्याचा हक्क मृताच्या कुटुंबाला असावा, असे मला वाटते. इंदूरमध्ये याची परंपरा शोधायला दूर जावे लागत नाही. राहुल बारपुते यांच्यासारख्या मराठीभाषक संपादकाच्या हाताखाली ‘नईदुनिया’ने या शहरातून हिंदी पत्रकारांची एक पिढी घडवली, ती बातमी तपासून घेण्याच्या सवयीवर. विद्यापीठातील पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांना एक सत्र जिल्हा न्यायालयात बसवावे, एका खटल्याच्या प्रत्येक पेशीला, म्हणजे सुनावणीला, हजर राहून तो शेवटपर्यंत लिहून काढायला लावावे. ही गोष्ट उद्यापासून करता येईल आणि तिला खर्चही नाही.

भाचीला मी शेवटी एक केस सांगितली. १५ वर्षांपूर्वी निकाल लागलेली, अपीलही संपलेली, ज्यात मी बचावाच्या बाजूने होतो आणि माझा अशील सुटला होता, पण खून कोणी केला हे आजवर कोणाला कळलेले नाही. तिला पहिल्यांदा मृताच्या बहिणीकडे पाठवले, कॅमेऱ्याशिवाय. बहिणीने दोन महिने विचार करायला मागितले, आणि मग होकार कळवला. गेल्या आठवड्यात आम्ही दोघे नकलांच्या अर्जासाठी न्यायालयात गेलो. बाबूंनी अर्ज चाळला, माझ्याकडे पाहून ओळखीचे हसले, आणि एका रकान्यावर बोट ठेवून तो परत केला. तेथे नक्कल कशासाठी हवी ते लिहायचे होते आणि भाचीने ती जागा मोकळी सोडली होती. तिने माझ्याकडे पाहिले. मी सांगितले की हे तुझे तूच लिही. ती बाहेरच्या बाकावर बराच वेळ पेन हातात धरून बसली होती, आणि मी तिला घाई केली नाही.